तुळसाबाईंच्या अकरा पुड्या

पडदा वर जातो तेव्हा रंगमंचावर संध्याकाळचे सात वाजलेले असतात.

स्थळ, उत्तर नागपुरातल्या एका वस्तीतलं विहार. मागे बुद्धाची पांढरी मूर्ती, पुढे मेणबत्त्यांची रांग आणि स्टीलच्या ताटात झेंडूची फुलं. भिंतीवरचा पंखा मुद्दाम बंद ठेवलेला, कारण तो फिरू लागला की मेणबत्त्या विझतात आणि ध्वनिक्षेपकात घरघर भरते. खाली निळ्या-लाल पट्ट्यांची सतरंजी, तिच्यावर चाळीसेक बाया, बहुतेक पांढऱ्या लुगड्यांत. आषाढी पौर्णिमेपासून आश्विनी पौर्णिमेपर्यंत, वर्षावासाचे तीन महिने, इथे रोज संध्याकाळी ग्रंथवाचन चालतं. कोणाच्या सुनेचं, कोणाच्या गुडघ्याचं बोलणं सुरू असतं. मग एकाएकी सगळं थांबतं. इथे तिसरी घंटा नसते, पण ती वाजून गेल्यासारखी शांतता पसरते, आणि उजव्या विंगेतून, म्हणजे चपला काढायच्या दारातून, तुळसाबाई नगरारे प्रवेश करतात.

वय एकाहत्तर. उंची बेताची. चालणं मात्र असं, की मोठमोठ्या नटांनी बघून शिकावं. घाई नाही, संकोच नाही. चौरंगाशी येऊन त्या आधी पाण्याचा पेला बघतात, त्याच्यावर झाकण आहे का ते बघतात. चष्मा पदरानं पुसतात. ग्रंथ उघडून ओळीखाली उजव्या हाताचं बोट ठेवतात. आणि वाचू लागतात.

आवाज मोठा नव्हता. गोडही म्हणता आला नसता. पण एकेक शब्द त्या असा ठेवायच्या, की शेवटच्या ओळीतल्या बहिऱ्या म्हातारीलाही तो उचलून घेता यावा. वाचन संपलं की सगळ्याजणी "साधू, साधू, साधू" म्हणायच्या, आणि तुळसाबाई खाली बघून चष्मा घडी करायच्या.

तिसऱ्या रांगेत त्यांची सून माया बसलेली असे. ती वाचन ऐकायला येई असं ती सांगे. खरं तर ती सासूला बघायला येई. घरात पिठाच्या डब्याचं झाकण नीट लागलं नाही म्हणून कुरकुरणारी ही बाई चौरंगापाशी बसली की कोणी वेगळीच होते, हे नवल सोळा वर्षांच्या संसारानंतरही मायाला पुरं पडत नव्हतं.

तुळसाबाईंनी जन्म घालवला तो एका मोठ्या सरकारी दवाखान्यात, आया म्हणून. नवरा लवकर गेला. धम्मानंद हा एकुलता मुलगा तेव्हा चार वर्षांचा. क्षयाच्या बायांच्या वॉर्डात त्यांची नेमणूक झाली. सिस्टर गोळ्यांचा ट्रे घेऊन पुढे, तुळसाबाई पाण्याची झारी घेऊन मागे. गोळ्या मोठ्या, कडू. बाया त्या गालात दाबून ठेवत आणि नंतर खिडकीबाहेर टाकत. म्हणून प्रत्येक खाटेपाशी उभं राहून तुळसाबाईंनी म्हणायचं, "तोंड उघड. जीभ वर कर." जिभेखाली काही नाही हे डोळ्यांनी बघितल्याशिवाय पुढच्या खाटेकडे जायचं नाही. अठ्ठावीस वर्षं त्यांनी हे वाक्य म्हटलं.

नोकरीच्या पहिल्याच वर्षी एक गोष्ट घडली होती. एका बाईला त्यांनी जेवणानंतरची गोळी उपाशीपोटी दिली. ताट यायला उशीर झाला होता, आणि त्यांना पुढचं काम उरकायचं होतं. ती बाई दुपारभर ओकत राहिली. सिस्टरनी तुळसाबाईंना कपाटापाशी नेलं, बाटल्यांवरच्या चिठ्ठ्यांवर बोट आपटलं आणि सगळ्या वॉर्डादेखत विचारलं, "हे काय लिहिलं आहे?" तुळसाबाईंना वाचता येत नव्हतं. त्या मान खाली घालून उभ्या राहिल्या.

त्यानंतर त्या प्रौढांच्या वर्गाला जाऊ लागल्या. अक्षरं लागायला दीड वर्ष गेलं. आणि वर्गाबाहेर, कोणाच्या मदतीशिवाय, आपल्या आपण वाचलेला पहिला शब्द कोणता, ते त्या नातीला अभिमानानं सांगत. त्या कपाटातल्या चिठ्ठीवरचा. "जेवणानंतर."

"आजी, पहिला शब्द असा कोणता असते का?" उन्नती हसायची. "आमच्या पुस्तकात तर कमळ होतं."

"तुह्या कमळानं कोणी बरं झालं का वं?" तुळसाबाई विचारायच्या.

मायालाही त्या वाक्याचा प्रसाद मिळाला होता. उन्नतीच्या वेळी ती गरोदर होती, लोहाच्या गोळ्यांनी तिला मळमळायचं. तिसऱ्या दिवशीच सासू पाण्याचा पेला घेऊन समोर उभी. "तोंड उघड. जीभ वर कर." गोळी गालात सापडली. "अठ्ठावीस वर्षं चोर पकडले म्या," तुळसाबाई म्हणाल्या, "तू तर लयच कच्ची निघाली." माया आधी रडली, मग दोघी हसल्या. त्या दिवसापासून दोघींचं जमलं.

रक्तदाब निघाला तो निवृत्तीनंतर. सुरुवातीला एक गोळी पुरली, मग दोन. गेल्या वर्षी उन्हाळ्यात त्या दोन्ही गोळ्या देऊनही आकडा खाली उतरेना. वस्तीच्या नाक्यावरच्या डॉक्टर रितिका तरुण होत्या, मन लावून तपासायच्या. त्यांनी सकाळच्या दोन गोळ्या तशाच ठेवल्या आणि तिसरी जोडली. क्लोनिडीन. सकाळी एक, रात्री एक.

"आजी, ही गोळी जोरकस आहे," त्या म्हणाल्या. "थोडी झोप येईल, तोंड कोरडं पडेल. पण एक लक्षात ठेवा. ही एकदम बंद करायची नाही. कमी करायची झाली तर मीच हळूहळू करीन."

"मी कायले बंद करीन?" तुळसाबाईंना ते लागलंच. "अठ्ठावीस वर्षं दुसऱ्याईले खाऊ घातल्या."

औषधवाल्यानं गोळ्या कागदी पाकिटात घालून दिल्या. पाकिटावर तीन शब्द छापलेले होते, सकाळ, दुपार, रात्र. खाली दोन, जेवणापूर्वी, जेवणानंतर. त्यानं सगळ्यांच्या पाकिटावर करतो तशी पेनानं खूण केली. जेवणानंतर.

गोळीनं काम केलं. आकडा उतरला. पण आषाढ लागला, वाचन सुरू झालं, आणि पहिल्याच आठवड्यात चौरंगावर भलताच प्रकार घडू लागला. तुळसाबाईंची जीभ टाळूला चिकटायची. शब्द अर्धवट सुटायचा. डोळ्यांवर झापड यायची, आणि ओळीखालचं बोट थांबून राहायचं. एकदा तर त्या तीच ओळ दोनदा वाचून गेल्या. सतरंजीवर कोणीतरी खाकरलं. शेजारच्या इंदुताई, त्यांची वॉर्डापासूनची मैत्रीण, घरी येताना म्हणाल्या, "तुळसे, तू दारू पिऊन तर नाही आली?" इंदुताई हसल्या. तुळसाबाई हसल्या नाहीत.

त्या वर्षी प्रथमच विहार समितीनं सबंध वर्षावासाचं वाचन त्यांच्याकडे सोपवलं होतं. पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत, एकच वाचक. याआधी हा मान शिकल्यासवरल्यांचा. मास्तर, बँकेतले साहेब. अक्षरांसाठी भर वॉर्डात मान खाली घालून उभी राहिलेली बाई आता चाळीस बायांसमोर ग्रंथ संपवणार होती. दुसरं काही त्यांना नको होतं.

"मॅडम," त्या डॉक्टरांना म्हणाल्या, "दिवसाची गोळी हटवा. मले वाचाचं आहे."

डॉक्टर रितिकांनी विचार केला. आणि दोन्ही वेळच्या गोळ्या एकत्र करून एकाच वेळी, रात्री, ठेवल्या. दिवसा झापड नको, रात्री झोप आली तर बरंच. चिठ्ठीवर लिहिलं, रात्री, जेवणानंतर. ते त्यांनी सवयीनं लिहिलं, जसं आपण पत्राच्या शेवटी काहीबाही लिहितो तसं. तुळसाबाईंनी मात्र ते वाचलं.

आता इथे, मायबाप वाचकहो, जरा सावकाश. पुढे जे झालं त्यात खलनायक कोणी नाही.

वर्षावासातल्या उपोसथाच्या दिवशी, म्हणजे पौर्णिमा, अमावस्या आणि दोन अष्टम्या, तुळसाबाई आठ शीलांचं व्रत घेत. त्यातलं एक शील असं, की दुपारी बारानंतर अन्न घ्यायचं नाही. त्या दिवशी रात्रीचं जेवण नाही. आणि जेवण नाही, तर जेवणानंतरची गोळी कुठून येणार? त्यांच्या हिशेबी हा प्रश्न नोकरीच्या पहिल्याच वर्षी सुटलेला होता. उपाशीपोटी गोळी द्यायची नाही. ती बाई दुपारभर ओकत राहिली होती.

घरात हे कोणाला कळलं नाही. सकाळचे चहा, डबे, उन्नतीची शाळा, धम्मानंदची वाडीच्या गोदामातली पाळी. रात्री सासू आपल्या डब्यातून गोळी काढून घेते, हे सगळ्यांनी गृहीत धरलेलं. जी बाई साऱ्या जगाची जीभ वर करून बघते, तिची जीभ कोण बघणार?

उपोसथाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तुळसाबाईंचं डोकं धरायचं. कानशिलं उडायची, हातांना बारीक कंप सुटायचा. "उपासानं," त्या म्हणायच्या, आणि सुंठ उगाळून लावायच्या. दवाखान्यात तपासायला जायचं तेही नेमकं त्याच दिवशी, कारण उपोसथाचा दिवस विहारात जाई आणि दुसरा दिवस मोकळा असे. डॉक्टरांनी पट्टा बांधून फुगा दाबला की पारा चढलेला.

"आजी, गोळ्या रोज घेता ना?"

"तुम्ही सांगितल्या तश्शाच घेते."

यात खोटं एक अक्षर नव्हतं. डॉक्टरांनी दोनऐवजी एकच मोठी गोळी दिली, ताकद वाढवली. महिन्यानं पुन्हा तेच. पुन्हा वाढवली.

जुन्या नाटक कंपन्यांत दर्शनी पडद्याच्या तळाला जाड बांबू बांधलेला असायचा. आत एक माणूस दोर धरून उभा असे, प्रेक्षकांना तो कधी दिसत नसे. त्यानं दोर हळूहळू सोडला तर पडदा राजासारखा खाली येई. त्यानं हात एकदम सोडला तर बांबू धाडकन आदळे, आणि खाली कोण उभं आहे हे बांबू बघत नसे. ती गोळी म्हणजे तो दोर धरणारा माणूस. जितकी मोठी गोळी, तितकं मोठं वजन त्याच्या हातावर.

आश्विन आला. पौर्णिमेच्या आधीचे दहा दिवस कन्हानच्या बाजूला, नदीपासून थोड्या अंतरावर, एका विहारात उपासिकांचं शिबिर ठरलं. दहाही दिवस आठ शीलं. सकाळी अकराला एक जेवण, बस. ग्रंथाचा शेवटचा भाग तिथेच वाचून व्हायचा होता. गुरुवारी सकाळी माया त्यांची पिशवी भरत होती. दोन पांढरी लुगडी, शाल, चष्म्याचं घर, गोळ्यांचा डबा. रात्रीच्या दहा गोळ्या तिनं स्वतः मोजून घातल्या.

"घ्याल ना आई, वेळेवर?"

"तू मले शिकवून राहिली का वं?" तुळसाबाई म्हणाल्या. दारात थांबून त्यांनी पिठाच्या डब्याचं झाकण लागलं आहे का ते पाहिलं आणि इंदुताईंच्या मागे ऑटोत बसल्या.

शनिवारी सकाळी माया डॉक्टरांची जुनी चिठ्ठी शोधत होती. सासूच्या पेटीत, लुगड्यांच्या तळाशी, बिस्किटांचा चपटा पत्र्याचा डबा निघाला. तिला वाटलं चिठ्ठ्या त्यात असतील. झाकण उघडलं. आत कॅलेंडरच्या कागदाच्या पुड्या, एकसारख्या, मेडिकलच्या दुकानात बांधतात तशा घट्ट. माया एकेक उलगडत गेली. प्रत्येक पुडीत रात्रीच्या गोळ्या. आणि प्रत्येक कागदावर पेन्सिलीनं, मोठ्या गोल अक्षरांत, लिहिलेलं. अष्टमी, जेवण नाही. अमावस्या, जेवण नाही. पौर्णिमा, जेवण नाही.

वॉर्डात नियम होता. न दिलेली गोळी फेकायची नाही. कारण लिहून परत करायची.

अकरा पुड्या. माया जमिनीवर बसून त्या बघत राहिली. मग तिच्या मनात शिबिर आलं. दहा दिवस. एकाही रात्री जेवण नाही.

डॉक्टर रितिकांचा फोन तिसऱ्या वेळी लागला.

"शेवटची गोळी कधी घेतली त्यांनी?"

"बुधवारी. बुधवारी रात्री, घरी."

"मायाताई, आत्ता निघा. गोळी द्या आणि गाडीत घालून सरळ मोठ्या दवाखान्यात आणा. डोकं दुखतंय का, घाम येतोय का, छाती धडधडतेय का, बघा. वेळ घालवू नका."

"पण त्या जेवल्याशिवाय घेणार नाहीत. तुम्ही जेवणानंतर लिहिलं."

"अहो, त्या गोळीला जेवणाची गरजच नाही," डॉक्टर म्हणाल्या. आणि मग हळू आवाजात, स्वतःशीच बोलल्यासारखं, "नव्हतीच."

शिबिरात सगळ्यांचे मोबाईल जमा केलेले होते. तिथला नंबर कोणी उचलेना. मायानं धम्मानंदला वाडीला फोन करून गोदामातली गाडी आणायला सांगितलं आणि स्वतः चौकातून कन्हानची बस धरली. तिच्या डोक्यात एकच गोष्ट होती. बाराच्या आत पोचायचं. अकराचं जेवण झालेलं असेल, पोटात अन्न असेल, बारा वाजलेले नसतील. मग सासूला हरकत घ्यायला जागाच राहणार नाही. कामठीच्या पुढे ट्रकांची रांग लागली होती. बस पुलाच्या अलीकडे वीस मिनिटं उभी राहिली. माया उतरली, पूल पायी ओलांडला, पलीकडून एका भाजीच्या ऑटोत कोथिंबिरीच्या गोण्यांशेजारी बसली. विहाराच्या फाटकात ती शिरली तेव्हा बारा वाजून वीस मिनिटं झाली होती.

तुळसाबाई ओसरीवर खांबाला टेकून बसल्या होत्या. कपाळाला ओलं फडकं बांधलेलं. चेहरा तांबूस, ओठांवर घामाचे थेंब. मांडीवर ग्रंथ उघडा, आणि ओळीखाली ठेवलेलं बोट थरथरत होतं. दोन वाजता वाचन होतं, त्या उजळणी करत होत्या.

"आई."

"तू इथं काहून आली? उन्नती बरी आहे ना?"

"सगळे बरे आहेत. तुमचं डोकं दुखून राहिलं का?"

"कालपासून घण मारल्यासारखं. उपासानं." त्यांनी इंदुताईंकडे बोट केलं. "ही म्हणते घरी जाय. म्हणलं आठ पानं राहिली, आता कुठं जाऊ?"

मायानं पिशवीतून डबा काढला. दहा गोळ्यांपैकी दहाही जागच्या जागी होत्या. तिनं त्या दिवसाची गोळी हातावर काढली.

"ही घ्या."

"बारा वाजले वं."

"गोळी आहे आई, भाकर नाही."

"जेवणानंतरची आहे. रात्री जेवन नाही, तर गोळी नाही."

"डॉक्टरनं सांगितलं होतं ना, बंद करू नका म्हणून?"

"बंद कुठं केली म्या?" तुळसाबाईंना मनापासून आश्चर्य वाटलं. "जेवली नाही म्हणून घेतली नाही. घरी गेली की घेईन."

माया त्यांच्यापुढे गुडघ्यांवर बसली. "आई, आत्ताच बोलली मी डॉक्टरसंग. त्या म्हणतात, ह्या गोळीले जेवणाची गरजच नाही. उपाशीपोटी चालते."

तुळसाबाईंनी सुनेकडे पाहिलं.

"मंग लिहिलं काहून?"

आतून भांडी घासल्याचा आवाज येत होता.

इंदुताई उठल्या आणि तिथल्या भिक्षूंना, भंतेजींना, घेऊन आल्या. भंतेजी वयानं तुळसाबाईंहून लहान, पण त्या लगबगीनं हात जोडून सरळ बसल्या. भंतेजींनी सगळं ऐकून घेतलं.

"उपासिका," ते म्हणाले, "आजारी माणसाचं औषध अन्नात मोजत नाहीत. त्याला बाराची मर्यादा नाही. भिक्षूसुद्धा घेतो. मीच मधुमेहाची घेतो, संध्याकाळी."

"भंतेजी, हे मले आषाढात सांगाचं होतं."

"तुम्ही विचारलंच नाही."

"विचाराचं काय त्यात?" तुळसाबाई म्हणाल्या. "छापलं होतं ना."

भंतेजींनी मान खाली घातली. तुळसाबाईंनी हात पुढे केला.

त्यानंतरचं माया अजूनही भराभर सांगते, थांबत नाही. धम्मानंद गाडी घेऊन पाऊण वाजता आला. इंदुताईंनी ग्रंथ फडक्यात बांधून आपल्याजवळ ठेवला. कामठीच्या अलीकडे तुळसाबाईंच्या हातातून चष्मा सुटला. धम्मानंदनं तो उचलून दिला, तर तो पुन्हा सुटला. मग मान मायाच्या खांद्यावर आली, ओठ डावीकडे ओढले गेले, आणि त्यांनी काही म्हणण्याचा प्रयत्न केला त्याचे शब्द झाले नाहीत. दवाखान्यात पट्टा बांधला तेव्हा आकडा दोनशे चाळीसच्या वर होता. मेंदूत रक्त उतरलं होतं. पारा पुढे ताब्यात आला, गोळीनं आपलं काम पुन्हा सुरू केलं. पण जे फुटलं ते फुटलं.

एकोणीस दिवस त्या होत्या. डोळे सगळं ओळखत. उन्नती आली की डावा हात उचलत. जीभ मात्र उचलली गेली नाही. सिस्टर नळीतून औषध द्यायची, आणि तुळसाबाई तिच्या हातांकडे टक लावून बघत राहायच्या, नव्या मुलीचं काम तपासावं तशा.

आश्विनी पौर्णिमेला उरलेली आठ पानं इंदुताईंनी वाचली. अडखळत वाचली, तरी कोणी खाकरलं नाही. त्या संध्याकाळी ध्वनिक्षेपकाची तार कोणीतरी वाढवून मोबाईलला जोडली होती, म्हणून दवाखान्याच्या खाटेपाशी मायाच्या फोनवर "साधू, साधू, साधू" ऐकू आलं. तुळसाबाईंनी डोळे मिटले आणि उजव्या हाताचं बोट चादरीवर ओळ शोधत राहिलं. हललं नाही, पण शोधत होतं, असं माया म्हणते.

त्या गेल्यानंतरच्या पुण्यानुमोदनाच्या विधीला डॉक्टर रितिका आल्या होत्या. मागच्या रांगेत बसल्या. मायानं घरी नेऊन त्यांना तो पत्र्याचा डबा दाखवला. डॉक्टरांनी अकराही पुड्यांवरची अक्षरं वाचली, आणि मग विचारलं, "ही एक मी घेऊ?" ती पुडी आता त्यांच्या टेबलाच्या खणात असते. चिठ्ठी लिहिण्याआधी त्या प्रत्येकाला विचारतात, रात्री रोज जेवता का, उपास धरता का, रोजे, एकादशी, चतुर्थी, उपोसथ, काय काय. वेळ लागतो. बाहेरच्या बाकावरची माणसं कुरकुरतात.

धम्मानंद मात्र एकाच गोष्टीवर अडकला आहे. बस वीस मिनिटं थांबली नसती तर. मायाला माहीत आहे, की दोर गुरुवारी रात्रीच सुटला होता.

तिच्याजवळ राहिलं आहे ते त्या ओसरीवरचं. सासूनं हात पुढे केला, थरथरत्या तळव्यावर मायानं गोळी ठेवली. इंदुताईंनी झाकण काढून पेला दिला. तुळसाबाईंनी गोळी तोंडात टाकली, पाणी प्यायल्या, पेला खाली ठेवला. माया त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली. तिला भरवसा वाटेना. सोळा वर्षांपूर्वी ती स्वतः गालात गोळी दाबून याच बाईसमोर उभी होती.

"आई," ती म्हणाली, "तोंड उघडा. जीभ वर करा."

इंदुताईंना हसू आलं. भंतेजींनी दुसरीकडे पाहिलं. तुळसाबाईंनी सुनेकडे असं पाहिलं, की जणू वॉर्डात कोणी नवी, हुशार मुलगी लागली आहे आणि काम बरं करते आहे. त्यांनी तोंड उघडलं, जीभ टाळूला लावली, आणि माया नीट बघेपर्यंत तशीच धरून ठेवली. मग तोंड मिटून त्या म्हणाल्या,

"पाह्य वं माया, गिळली."